तुमच्यावाचून कार्यालय किती दिवस चालते?

तुमचा प्रश्न मी दोनदा वाचला आणि उत्तर लांबणार हे आधीच सांगून ठेवतो. तुम्ही एकोणतीस वर्षांचे आहात, कोल्हापुरात पाच वर्षांपासून म्युच्युअल फंड वितरणाचे काम करता, गेल्या हिवाळ्यात गोव्यात आठ दिवस राहून शिडाची होडी चालवायला शिकलात आणि परत आल्यापासून अमेरिकेचे धनाढ्य साहसवीर स्टीव्ह फॉसेट यांच्याविषयी मिळेल ते वाचत आहात. शेअर बाजारात पैसा मिळवायचा आणि त्या पैशावर समुद्र ओलांडायचा, हा त्यांचा मार्ग तुम्हाला आपलासा वाटतो. त्यासाठी घरच्यांकडून आणि ओळखीच्यांकडून वीस-पंचवीस लाख रुपये घेऊन वायदे बाजारात, म्हणजे पुढच्या तारखेचे सौदे आजच ठरवण्याच्या बाजारात, उतरावे आणि पाच वर्षांत पुंजी झाली की होडी घ्यावी, असा तुमचा बेत आहे. तो व्यवहार्य आहे का, असे तुम्ही विचारले आहे.

मी शाहूपुरीत पंचवीसहून अधिक वर्षे गुंतवणुकीच्या व्यवसायात आहे आणि २००७ पासून, पावसाळा सोडला तर, जमेल तेव्हा शीड धरतो. होडीचा भाग मला शक्य वाटतो. पैसा उभा करण्याचा भाग मात्र मला मान्य नाही, आणि त्याचे पहिले कारण असे की ज्यांचे उदाहरण तुम्ही देता त्या फॉसेट यांनी तो मार्ग धरलाच नव्हता.

त्यांचा जन्म १९४४ चा. स्टॅनफर्डमधून १९६६ मध्ये अर्थशास्त्राची पदवी आणि १९६८ मध्ये सेंट लुईसच्या वॉशिंग्टन विद्यापीठातून एमबीए करून त्यांनी काही वर्षे संगणकाशी संबंधित नोकऱ्या केल्या आणि १९७३ मध्ये शिकागोत मेरिल लिंच या दलाली पेढीत ते कमॉडिटी, म्हणजे वस्तूंच्या सौद्यांच्या, विभागात आले. तेव्हा ते जवळपास तुमच्याच वयाचे होते. पुढे त्यांनी स्वतःच्या पेढ्या काढल्या, त्यांतील एकीचे नाव लकोटा ट्रेडिंग. त्या काळी बाजाराच्या मजल्यावर उभे राहून सौदे करायचे तर सदस्यत्व लागत असे. मुंबईच्या शेअर बाजारात त्याला कार्ड म्हणत आणि ते मिळवण्यासाठी लोक आयुष्यभराची बचत ओतत, हे तुम्ही जुन्या दलालांकडून ऐकले असेल. फॉसेट यांनी शिकागोत अशी सदस्यत्वे घेतली आणि ज्यांना सौदे करायचे होते पण सदस्यत्व परवडत नव्हते, अशा तरुणांना ती भाड्याने दिली. शिवाय त्या तरुणांच्या सौद्यांची पूर्तता फॉसेट यांच्याच पेढीमार्फत होई आणि सौद्यांच्या संख्येप्रमाणे शुल्क जमा होई. भाडेकरू नफ्यात असो की तोट्यात, भाडे येतच राही आणि शुल्कही.

आपल्याकडे गुळाच्या बाजारात ज्याची पेठेत पेढी असते त्याला अडत, म्हणजे दलाली, मिळते, मग त्या दिवशी गुळाच्या रव्याला (ढेपेला) भाव काहीही निघो. फॉसेट यांची मोठी संपत्ती अशा अडतीतून उभी राहिली. त्यांनी स्वतः सौदे केलेच नाहीत असे मी म्हणत नाही, पण समुद्रावर दीर्घकाळ जाण्याची मोकळीक त्यांना दिली ती या व्यवस्थेने, कारण तिला दररोज सकाळी त्यांची हजेरी लागत नव्हती.

कालावधीकडेही लक्ष द्या. त्यांनी लकोटा नावाच्या तीन सांगाड्यांच्या शिडाच्या नौकेतून आयर्लंडची प्रदक्षिणा ४४ तास ४२ मिनिटांत पूर्ण केली ती १९९३ मध्ये, म्हणजे शिकागोत पाऊल ठेवल्यावर वीस वर्षांनी, वयाच्या एकोणपन्नासाव्या वर्षी. नौकेला पेढीचेच नाव दिले, यावरून त्यांच्या मनात दोन्हींचे नाते किती घट्ट होते ते कळते. ऑक्टोबर २००१ मध्ये १२५ फुटी दोन सांगाड्यांच्या नौकेतून त्यांनी अटलांटिक महासागर ४ दिवस १७ तास २८ मिनिटांत ओलांडला. आधीचा १९९० मधील विक्रम साडेसहा दिवसांचा होता. सरासरी वेग जवळपास २६ नॉट पडला, म्हणजे ताशी सुमारे ४८ किलोमीटर, आणि तो केवळ वाऱ्यावर. पुढे २००४ मध्ये त्याच नौकेतून, तेव्हा तिचे नाव शायेन झाले होते, त्यांनी खलाशांसह पृथ्वीप्रदक्षिणा ५८ दिवस ९ तासांत केली. मी तुम्हाला या ५८ दिवसांवर थांबायला सांगतो. आज तुम्ही ५८ दिवस कार्यालयात गेला नाहीत, तर काय होईल?

माझ्या मते तुमचा खरा प्रश्न हाच आहे. होडीसाठी किती पैसे लागतील हा हिशेब कोणीही मांडून देईल, पण आपली गैरहजेरी आपल्या व्यवसायाला किती दिवस परवडते, हा हिशेब वित्तव्यवसायात फार थोडे लोक मांडतात. मीही मांडला नव्हता आणि त्याची किंमत दुसऱ्याने मोजली.

सोमवार, २१ जानेवारी २००८. मी गोव्यात शिकाऊ होडीत होतो आणि फोन किनाऱ्यावरच्या कपाटात कुलूपबंद होता. त्या दिवशी सेन्सेक्स सुमारे १,४०० अंशांनी कोसळला. संध्याकाळी पाच वाजता ओल्या हातांनी कपाट उघडले तेव्हा फोनवर एकतीस चुकलेले कॉल होते आणि त्यांतील अकरा शिरोलीच्या एका फौंड्रीमालकांचे होते. त्यांनी शेअर तारण ठेवून उचल घेतली होती आणि घसरणीमुळे सावकार कंपनीने दुसऱ्या दिवशी सकाळपर्यंत जादा रक्कम भरण्यास सांगितले होते. मी फोन केला तोवर ते बँकेतून घरी परतले होते. दुसऱ्या दिवशी सकाळी बाजार उघडताच पुन्हा कोसळला, व्यवहार तासभर थांबवावे लागले आणि त्या धामधुमीत त्यांचे शेअर तळाच्या भावाला विकले गेले. तिसऱ्या दिवशी बाजार बराच सावरला. आठवड्यानंतर ते माझ्यासमोर बसले आणि एवढेच म्हणाले, "साहेब, मला फार काही विचारायचं नव्हतं. घरातली रक्कम भरू का नको, एवढंच विचारायचं होतं."

या प्रश्नाचे उत्तर मला डिसेंबरातही ठाऊक होते. ते मी कागदावर लिहून त्यांच्या हाती दिले नव्हते, म्हणून ते माझ्याबरोबर समुद्रावर गेले. त्यानंतर मी प्रत्येक ग्राहकासाठी एक पान लिहायला सुरुवात केली आणि आजही ते दर दिवाळीनंतर नव्याने लिहितो. बाजार दहा टक्के, वीस टक्के, चाळीस टक्के घसरला तर काय करायचे आणि काय करायचे नाही, अचानक पैसे लागले तर कोणत्या खात्यातून आधी काढायचे, तारण असेल तर जादा रक्कम कोठून आणि किती मर्यादेपर्यंत भरायची, आणि माझ्याशी संपर्क न झाल्यास कार्यालयात कोणाशी बोलायचे, एवढे त्यात असते. पानाखाली ग्राहकाची आणि माझी सही असते. एक प्रत त्यांच्याकडे, एक फायलीत. शेअर बाजाराची नियामक संस्था सेबी हिचे गुंतवणूक सल्लागारांचे नियम २०१३ मध्ये आले आणि मी त्याखाली नोंदणी केली, तेव्हा ही सवय मला फार उपयोगी पडली, कारण ग्राहकाच्या संमतीवाचून त्याच्या पैशाचा निर्णय सल्लागाराने घ्यायचा नसतो आणि आधी लिहून ठेवलेला विचार ग्राहकाला स्वतःचा निर्णय शांतपणे घेऊ देतो. मार्च २०२० मध्ये बाजार कोसळला, तेव्हा मी कोल्हापुरातच होतो, तरीही बहुतेकांनी फोन करण्याआधी ते पान काढून वाचले होते.

आता तुमच्या वीस-पंचवीस लाखांकडे येतो. येथे मी कठोर बोलणार आहे. ओळखीच्यांकडून महिना दोन टक्क्यांच्या बोलीवर पैसे घेऊन ते बाजारात लावणे आपल्याकडे इतके सर्रास चालते की त्यात काही वावगे आहे असे कोणाला वाटत नाही. जवळच्या नातेवाइकाने दिलेले उसने वेगळे आणि परताव्याचे आश्वासन देऊन दहा जणांकडून घेतलेल्या ठेवी वेगळ्या. दुसऱ्या प्रकारासाठी केंद्राचा २०१९ चा अनियंत्रित ठेव योजनांवरील बंदीचा कायदा आहे आणि महाराष्ट्राचा ठेवीदारांच्या हितसंबंधांचे संरक्षण करणारा १९९९ चा कायदाही आहे, आणि दोन्हींत तुरुंगवासाची तरतूद आहे. दुसऱ्यांचा पैसा घेऊन त्यांच्या वतीने शेअर बाजारात गुंतवायचा तर सेबीची पोर्टफोलिओ व्यवस्थापक म्हणून नोंदणी लागते, त्यासाठी पाच कोटींची निव्वळ मालमत्ता दाखवावी लागते आणि एका ग्राहकाकडून पन्नास लाखांपेक्षा कमी रक्कम घेता येत नाही. तुमच्या बेतात यांतील काहीच बसत नाही.

कायदा क्षणभर बाजूला ठेवला तरी गणित जुळत नाही. सेबीने सप्टेंबर २०२४ मध्ये प्रसिद्ध केलेल्या पाहणीनुसार २०२१-२२ ते २०२३-२४ या तीन वर्षांत वायदे आणि ऑप्शन व्यवहार करणाऱ्या वैयक्तिक गुंतवणूकदारांपैकी ९३ टक्के लोक तोट्यात राहिले. पाच वर्षांचे वितरणाचे काम तुम्हाला उरलेल्या सात टक्क्यांत नेऊन बसवील, असे मानायला मला कोणताही आधार दिसत नाही. शिवाय ज्या व्यवसायात सकाळी सव्वानऊ ते दुपारी साडेतीन पडद्यासमोर बसणे भाग आहे, तो समुद्रावर जाणाऱ्या माणसाने निवडावा तरी का?

तुमच्या हातात आज जे आहे ते त्या दृष्टीने चांगले आहे. वितरणाचे कमिशन ग्राहकाचा पैसा फंडात आहे तोवर येत राहते, म्हणजे फॉसेट यांच्या अडतीशी त्याचे नाते आहे. पण त्याची एक दुखरी बाजू आहे. ते मालमत्तेच्या बाजारमूल्यावर मिळते, त्यामुळे बाजार अर्धा झाला की तुमचे उत्पन्नही जवळपास अर्धे होते. जानेवारी २००८ मध्ये २१,००० च्या वर गेलेला सेन्सेक्स ऑक्टोबरात ८,००० च्याही खाली जाऊन आला होता. त्या वर्षी माझे उत्पन्न आटले, पण कार्यालयाचे भाडे आणि दोन सहकाऱ्यांचे पगार तेवढेच राहिले. होडी असती तर तिच्या जागेचे भाडेही तेवढेच राहिले असते. म्हणून माझा नियम असा की कार्यालयाचा अठरा महिन्यांचा खर्च मुदत ठेवीत किंवा लिक्विड फंडात (हवे तेव्हा पैसे काढता येणाऱ्या, कमी जोखमीच्या फंडात) बाजूला पडेपर्यंत होडीवर रुपया खर्च करायचा नाही. अठराच का, याला शास्त्र नाही, २००८ नंतर माझे उत्पन्न पूर्वपदाला यायला साधारण तेवढा काळ लागला, एवढेच. तुमच्यावर गृहकर्ज असेल किंवा आई-वडील सर्वस्वी तुमच्यावर अवलंबून असतील, तर हा आकडा वाढवा. पत्नीला स्थिर पगार असेल तर थोडा कमी चालेल. ही माहिती तुम्ही दिलेली नाही, म्हणून नेमके सांगता येत नाही.

होडीविषयी थोडे. ती मालमत्ता म्हणून कधीही धरू नका. विकत घेताना लागतात त्याखेरीज दरवर्षी किमतीच्या दहाव्या हिश्शाएवढे पैसे शिडे, दोर, रंग, जागा आणि विमा यांत जातात, असे मी धरून चालतो आणि ते कमीच पडतात. आम्ही चौघांनी मिळून एक चोवीस फुटी जुनी होडी घेतली. कोणी कधी वापरायची, दुरुस्तीचा खर्च कसा वाटायचा आणि एखाद्याला बाहेर पडायचे असेल तर किंमत कशी ठरवायची, हे पहिल्याच दिवशी मुद्रांकावर लिहून घेतले आणि चौघांची मैत्री आजही टिकून आहे. तुम्ही मात्र आणखी निदान दोन हंगाम दुसऱ्याच्या होडीत बसा. एकट्याने चालवायच्या चौदा फुटी होडीत उलटून पुन्हा उभे राहण्याचा जेवढा सराव होईल, तेवढा मोठ्या होडीत कधीच होत नाही.

आपण घाटावरचे असलो तरी समुद्र आपल्याला परका नाही. मालवणचा मुलूख १८१२ पर्यंत करवीरच्या छत्रपतींकडेच होता, आणि आजही गगनबावडा उतरले की काही तासांत आपण किनाऱ्यावर असतो. ऋतूंची साथही विलक्षण आहे. कोकणात आगोट, म्हणजे पावसाळ्याचे तोंड, आली की होड्या किनाऱ्यावर ओढून शाकारतात, पश्चिम किनाऱ्यावर १ जूनपासून ३१ जुलैपर्यंत यांत्रिक मासेमारीही बंद असते, आणि नेमक्या त्याच काळात आपल्याकडे प्राप्तिकर विवरणपत्रांची गर्दी असते. नारळी पौर्णिमा झाली, पाऊस ओसरला आणि ऑक्टोबर उजाडला की पाणी मोकळे होते. मी ऑक्टोबरअखेरपासून फेब्रुवारीपर्यंतचे दिवस समुद्रासाठी ठेवतो आणि मार्चमध्ये कोल्हापूर सोडत नाही.

मला शीड शिकवणारे पहिले शिक्षक गोव्यात भेटले, पण वारा वाचायला शिकवले ते मालवणच्या एका वृद्ध तांडेलांनी, म्हणजे होडीच्या प्रमुख नाखव्यांनी. सकाळचे मतलई वारे पडून गेले होते, दुपारी दीडच्या सुमारास खारे वारे नुकतेच सुरू झाले होते आणि मी पूर्ण शीड लावून मजेत होतो. तांडेल काका डोलकाठीला टेकून बसले होते. त्यांनी हनुवटीने पश्चिमेकडे दाखवले. दूरवर पाण्याचा एक पट्टा बाकीच्या समुद्रापेक्षा गडद, खरखरीत दिसत होता, जणू कोणी उलट्या हाताने मखमल चोळली असावी. "पाणी काळा दिसला की शीड कमी कर," ते म्हणाले, "वारो येवची वाट बघू नको." आम्ही शीड एक पट्टी खाली घेऊन दोर बांधेपर्यंत तो पट्टा आमच्यापर्यंत आला आणि होडी एका कुशीवर कलली, पण पाणी आत आले नाही. हा सराव तुम्ही रंकाळ्याच्या काठावरही करू शकता. संध्यामठाच्या बाजूला अर्धा तास उभे राहा, पाण्यावर काळसर लहरींचा पट्टा दिसला की तो काठाला कधी लागेल याचा अंदाज मनाशी बांधा आणि चेहऱ्यावर वारा लागेपर्यंत मोजा.

वारा येण्याआधी शीड कमी करणे वित्तव्यवसायात जमले नाही, त्याचे मोठे उदाहरण म्हणजे ऑस्ट्रेलियाचे ॲलन बाँड. अमेरिकाज कप हा शिडांच्या शर्यतीतील सर्वांत जुना चषक अमेरिकेने १३२ वर्षे सोडला नव्हता. बाँड यांनी १९७४, १९७७ आणि १९८० अशा तीन वेळा हार पत्करूनही १९८३ मध्ये तो जिंकून नेला. शर्यतीत कमालीचा धीर दाखवणाऱ्या या माणसाचा व्यवसाय कर्जावर पसरत गेला, १९९२ मध्ये ते दिवाळखोर ठरले आणि आपल्याच ताब्यातील एका कंपनीचा पैसा आपल्या दुसऱ्या कंपन्यांकडे वळवल्याबद्दल १९९७ मध्ये त्यांना तुरुंगवास झाला. न्यूझीलंडचे मायकेल फे हे मर्चंट बँकर तिसऱ्या तऱ्हेचे. त्यांनी आपल्या देशाची पहिली मोहीम १९८७ साठी उभी केली, पैसा आणि माणसे जमवली आणि नौका हाकण्याचे काम खलाशांवर सोपवले. तुम्हाला स्वतः सुकाणू धरायचे आहे की मोहीम उभी करायची आहे, हेही एकदा ठरवा, कारण दोन्हींना लागणारा पैसा आणि वेळ अगदी वेगळा आहे.

समुद्र ओलांडायला श्रीमंतच असावे लागते असेही नाही. दिलीप दोंदे यांनी २००९-१० मध्ये गोव्यात दिवाडी बेटावर बांधलेल्या ५६ फुटी म्हादेईतून एकट्याने पृथ्वीप्रदक्षिणा केली, आणि अभिलाष टॉमी यांनी २०१२-१३ मध्ये त्याच नौकेतून कोठेही न थांबता ती पूर्ण केली. दोघे नौदलाचे अधिकारी होते, म्हणजे त्यांना लागणारी गैरहजेरी त्यांच्या संस्थेने कर्तव्य म्हणून मान्य केली होती. तुम्हाला आणि मला ती स्वतःच्या व्यवसायातून मिळवावी लागते.

आणखी एक गोष्ट, जी तुम्ही विचारलेली नाही. फॉसेट ३ सप्टेंबर २००७ रोजी नेवाडातून छोटे विमान घेऊन निघाले आणि परतले नाहीत. विमानाचे अवशेष २००८ च्या शरदात सापडले, पण त्याआधीच फेब्रुवारीत पत्नीच्या अर्जावरून न्यायालयाने त्यांना मृत घोषित केले होते. आपल्याकडे बेपत्ता व्यक्तीच्या मृत्यूचे गृहीतक साधारणपणे सात वर्षांनी धरले जाते. मधल्या काळात घरच्यांनी बँक, विमा आणि भागीदारी यांचे काय करायचे? म्हणून पहिल्या मोठ्या सफरीपूर्वी मृत्युपत्र करा, प्रत्येक खात्यात वारसनोंद तपासा, शक्य तेथे खाती पत्नीबरोबर संयुक्त ठेवा आणि व्यवसायात तुमच्या जागी सही करू शकेल असा भागीदार घ्या. शेवटची गोष्ट सर्वांत अवघड आहे. मला असा माणूस मिळायला सहा वर्षे लागली.

तेव्हा तूर्त ओळखीच्यांकडून पैसे घेऊ नका, वायद्यांत उतरू नका आणि होडीची चौकशीही थांबवा. तुमच्या वीस मोठ्या ग्राहकांची एकेक पाने लिहायला लागा, त्याला पावसाळा पुरेल. ऑक्टोबरात कार्यालय सहकाऱ्याकडे सोपवून सलग सात दिवस फोन बंद ठेवून किनाऱ्यावर जा. परत आल्यावर त्या सात दिवसांत काय काय अडले, कोणी कशासाठी फोन केला आणि कोणते काम खरोखर तुमच्यावाचून झाले नसते, याची यादी करा आणि ती मला येथेच कळवा. पुढचे चौदा दिवस कसे मिळवायचे, ते त्या यादीवरून पाहू.